इंग्रजीतील ‘रन’ कसे वापरावे: धावणे, चालणे, वाहणे आणि संपणे

‘रन’ म्हणजे ‘धावणे’ असे एकदा पाठ झाले की इंग्रजी शिकणारा मराठी वाचक निर्धास्त होतो, आणि मग नळ, रस्ता, दुकान, भाडेकरार किंवा ताप यांच्या जोडीला हाच शब्द आला की अडखळतो. शब्दकोश उघडावा तर धीरच सुटतो. ‘ऑक्सफर्ड इंग्लिश डिक्शनरी’च्या संपादकांनी तिसऱ्या आवृत्तीसाठी ही नोंद नव्याने तयार केली, तेव्हा एकट्या क्रियापदाचेच ६४५ अर्थ निघाले आणि दुसऱ्या आवृत्तीत सर्वांत लांब नोंदीचा मान मिरवणारे ‘सेट’ बरेच मागे पडले. एवढे अर्थ कोणी पाठ करत नाही, आणि तशी गरजही नाही. मराठी माणसाजवळ एक सोपी किल्ली आधीपासूनच आहे: माणूस किंवा जनावर सोडून दुसरे काहीही ‘रन’ करत असेल, तर मराठीत ते बहुतेक वेळा धावत नसते, चालत असते. यंत्र चालते, दुकान चालते, गाड्या चालतात, करार अकरा महिने चालतो. म्हणून ‘रन’ दिसला की आधी त्याचा कर्ता शोधावा, मग त्याला कर्म आहे का ते पाहावे, आणि शेवटी त्याच्या पाठीमागे ‘आउट’, ‘इन्टू’, ‘ओव्हर’ यांसारखे एखादे लहान अव्यय आहे का ते तपासावे. या तीन प्रश्नांची उत्तरे मिळाली की अर्थ सहसा हाती येतो.

कर्ता सजीव असेल तेव्हा

इथे फारसे थांबण्याचे कारण नाही, कारण इथला अर्थ ठाऊकच असतो. एक गोष्ट मात्र लक्षात ठेवावी. शर्यतीचे नाव ‘रन’ला थेट कर्म म्हणून जोडता येते. ‘ती मुंबई मॅरेथॉनमध्ये धावली’ याचे इंग्रजी ‘शी रॅन द मुंबई मॅरेथॉन’ असे होते आणि मराठीतल्या ‘मध्ये’साठी वेगळा शब्द लागत नाही. ‘रॅन इन द मॅरेथॉन’ हेही बरोबर आहे, पण त्यात केवळ सहभाग कळतो. पहिल्या वाक्यातून ४२.१९५ किलोमीटरचे अंतर पूर्ण केल्याचा सूर उमटतो.

पाणी, नाक आणि साडीचा रंग

द्रवपदार्थ कर्ता असला की ‘रन’ म्हणजे वाहणे. ‘माय नोज इज रनिंग’ म्हणजे नाक वाहते आहे. ‘टिअर्स रॅन डाउन हर चीक्स’ म्हणजे तिच्या गालांवरून अश्रू ओघळले. नळाच्या बाबतीत इंग्रजी भाषा पाण्याऐवजी नळालाच कर्ता करते आणि ‘डोन्ट लीव्ह द टॅप रनिंग’ असे म्हणते. आपण ‘नळ चालू ठेवू नकोस’ म्हणतो तेव्हा आपणही तेच करत असतो, त्यामुळे हे वाक्य अंगवळणी पडायला वेळ लागत नाही. विहीर आटली तर ‘द वेल हॅज रन ड्राय’.

रंगाची गोष्ट थोडी बारकाईने पाहण्यासारखी आहे. मराठीत ‘साडीचा रंग गेला’ या एका वाक्यात दोन वेगळ्या घटना सामावतात. नवी साडी पहिल्यांदा भिजवली, बादलीतले पाणी लाल झाले आणि सोबतचा पांढरा सदरा गुलाबी होऊन बाहेर आला, तर इंग्रजीत ‘द कलर रॅन’ म्हणतात. तीच साडी वर्षभर उन्हात वाळत घालून फिकी पडली, तर मात्र ‘द कलर फेडेड’ असेच म्हणावे लागते. पाण्याने रंग पसरला तर ‘रन’, आणि ऊन किंवा वापर यांमुळे तो फिका पडला तर ‘फेड’. कपडे विकणाऱ्या दुकानदाराने परदेशी गिऱ्हाइकाला ‘इट विल नॉट रन’ असे सांगितले, तर त्याने धुलाईची हमी दिलेली असते, उन्हाची नव्हे.

रस्ता, डोंगर आणि रेषा

‘द सह्याद्रीज रन पॅरलल टू द कोस्ट’ या वाक्यात काहीही हलत नाही. लांबवर पसरलेल्या वस्तूची दिशा सांगण्यासाठी इंग्रजी भाषा ‘रन’ वापरते. आपणही ‘हा रस्ता वाईला जातो’ म्हणताना रस्त्याला चालायला लावतोच. या अर्थी क्रियापद साध्या काळातच ठेवावे. ‘द रोड इज रनिंग थ्रू द व्हिलेज’ असे लिहिणे ही चूक आहे, कारण चालू काळामुळे रस्ता आत्ता या क्षणी काहीतरी करत असल्याचा भास होतो. ‘द रोड रन्स थ्रू द व्हिलेज’ एवढेच पुरे.

याच लांबीच्या अर्थातून आलेला एक प्रयोग महाराष्ट्रातल्या प्रत्येक सुताराच्या आणि फॅब्रिकेटरच्या तोंडी असतो, तो म्हणजे ‘रनिंग फूट’. स्वयंपाकघरातल्या ओट्याचा किंवा जिन्याच्या कठड्याचा दर रनिंग फुटावर सांगितला, तर केवळ लांबी मोजली जाते. रुंदी किंवा उंची त्या हिशेबात येत नाही. दहा फूट लांबीच्या कठड्याचे दहा रनिंग फूट होतात, मग तो अडीच फूट उंच असो की तीन. चौरस फुटाचा दर आणि रनिंग फुटाचा दर यांची तुलना करताना गल्लत होते ती इथेच, म्हणून काम ठरवण्यापूर्वी उंची किती धरली आहे ते स्पष्ट विचारून घ्यावे.

‘चालवणे’ या एका शब्दाचे इंग्रजीत तुकडे

आता खरा अवघड भाग. मराठीत महामंडळ बस चालवते आणि चालकही बसच चालवतो, क्रियापद एकच. इंग्रजीत महामंडळ बस ‘रन’ करते आणि चालक ती ‘ड्राइव्ह’ करतो. सेवा उपलब्ध करून देणे, वेळापत्रक आखणे, खर्च सोसणे हे सगळे ‘रन’च्या पोटात येते, हातात स्टिअरिंग धरणे येत नाही. एसटीची पहिली बस १ जून १९४८ रोजी पुणे आणि अहमदनगर, म्हणजे आजचे अहिल्यानगर, यांदरम्यान धावली. इंग्रजीत ‘द फर्स्ट एसटी बस रॅन बिटवीन पुणे अँड अहमदनगर’. इथे बस स्वतः कर्ता आहे आणि मराठीतही आपण ‘धावली’ म्हणतो, म्हणून काही खटकत नाही. पण ‘मी गाडी चालवतो’ याचे भाषांतर ‘आय रन अ कार’ असे केले की अर्थ भलताच होतो. ब्रिटिश इंग्रजीत त्याचा अर्थ ‘मी गाडी बाळगून आहे, तिचे पेट्रोल, विमा आणि दुरुस्ती मला परवडते’ असा आहे. दुचाकीसाठी तर ‘ड्राइव्ह’ही नको, ‘राइड’ हवे. आणि ‘आय विल रन यू टू द स्टेशन’ असे कोणी म्हणाले तर घाबरू नये. तो माणूस तुम्हाला गाडीने स्टेशनवर सोडायला तयार आहे.

दुकान, खानावळ, शाळा, संस्था, घरसंसार या सगळ्यांसाठी ‘रन’ चपखल बसतो. ‘शी रन्स अ खानावळ इन सदाशिव पेठ’ या वाक्यातून रोजचा कारभार तिच्या हाती आहे एवढे कळते. जागा तिच्या मालकीची आहे की नाही हे कळत नाही. मालकी सांगायची असेल तर ‘ओन्स’ म्हणावे. ‘मॅनेजेस’मध्ये पगारी व्यवस्थापकाचा वास येतो, ‘रन्स’मध्ये स्वतः राबणाऱ्या माणसाचा. अर्जात किंवा परिचयपत्रात हा फरक उपयोगी पडतो, आणि माझ्या मते घरगुती उद्योग चालवणाऱ्या बायकांनी तरी आपल्या कामाचे वर्णन ‘हेल्प विथ द बिझनेस’ असे न करता निःसंकोचपणे ‘रन’ वापरून करावे.

यंत्रांकडे वळू. ‘इंजिन चालू आहे’ म्हणजे ‘द इंजिन इज रनिंग’. बस डिझेलवर चालते, ‘द बस रन्स ऑन डिझेल’. संगणकावर प्रोग्रॅम चालवणे म्हणजे ‘रन अ प्रोग्रॅम’. परंतु घरातल्या पंख्याचा, दिव्याचा किंवा टीव्हीचा प्रश्न आला की इंग्रजी बोलणारा माणूस बटणाची स्थिती सांगतो आणि ‘द फॅन इज ऑन’ म्हणतो. ‘द फॅन इज रनिंग’ ही चूक नाही, पण ‘पंखा बिघडलेला नाही, फिरतो आहे’ असे मुद्दाम सांगायचे असेल तरच ते शोभते. फ्रीज दोन्हींमध्ये बसतो, आणि त्यावरून अमेरिकेत टेलिफोनवरचा एक जुना खोडसाळपणाही प्रसिद्ध आहे. अनोळखी घरी फोन करून ‘इज युअर रेफ्रिजरेटर रनिंग?’ असे गंभीरपणे विचारायचे, आणि पलीकडून ‘हो’ आले की ‘मग धावत जा आणि त्याला पकडा’ असे सांगून फोन ठेवायचा. ज्याला हा विनोद समजावून द्यावा लागला नाही, त्याला ‘रन’चे पहिले दोन अर्थ पक्के समजले असे मानायला हरकत नाही.

याची उलट बाजूही तितकीच महत्त्वाची आहे, कारण प्रत्येक ‘चालणे’ हे ‘रन’ नसते. ‘परीक्षा चालू आहेत’ याला ‘द एक्झाम्स आर ऑन’ म्हणतात. ‘काय चाललंय?’ म्हणजे ‘व्हॉट्स गोइंग ऑन?’. ‘मला चालेल’ याचे इंग्रजी ‘दॅट्स फाइन विथ मी’. ‘चष्म्याशिवाय माझे चालत नाही’ हे ‘आय कान्ट डू विदाउट माय ग्लासेस’ असे सांगावे लागते. आणि ‘तो फार चालू माणूस आहे’ याचा तर ‘रन’शी दूरान्वयानेही संबंध नाही.

मुदत, शिक्षा आणि ताप

काळाच्या लांबीसाठीही ‘रन’ येतो. ‘द अग्रीमेंट रन्स फॉर इलेव्हन मन्थ्स’ हे वाक्य मुंबई-पुण्यात घर भाड्याने घेणाऱ्या प्रत्येकाच्या परिचयाच्या विषयावरचे आहे. न्यायालयीन इंग्रजीत हा अर्थ फारच ठळकपणे दिसतो. निकालपत्रात ‘सेन्टेन्सेस शॅल रन कन्करन्टली’ असे असेल तर आरोपीने सर्व शिक्षा एकाच वेळी भोगायच्या असतात, आणि ‘कन्सेक्युटिव्हली’ असेल तर एक संपल्यावर दुसरी. मुदतीच्या कायद्याला, म्हणजे १९६३ च्या लिमिटेशन ॲक्टला, जोडलेल्या तक्त्यात एका स्तंभाचे शीर्षकच ‘टाइम फ्रॉम व्हिच पीरियड बिगिन्स टू रन’ असे आहे. दावा दाखल करण्याची मुदत कोणत्या दिवसापासून मोजायची ते त्या स्तंभात पाहावे लागते. म्हणजे तिथे ‘रन’चा अर्थ न कळणे महागात पडू शकते.

घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या उतरणाऱ्या गोष्टींसाठी ‘रन इन द फॅमिली’ वापरतात. डॉक्टर ‘डज डायबेटिस रन इन द फॅमिली?’ असे विचारतात, तेव्हा त्यांना आईवडील आणि आजीआजोबांबद्दल माहिती हवी असते. ताप असेल तर ‘शी इज रनिंग अ टेंपरेचर’. आणि ‘द रन्स’ असे अनेकवचनी नाम बोलण्यात आले, तर विषय क्रिकेटचा आहे की पोटाचा याची आधी खात्री करून घ्यावी, कारण अनौपचारिक इंग्रजीत त्याचा अर्थ जुलाब असाही होतो.

उशिराच्या संदर्भात ‘आय ॲम रनिंग लेट’ हे वाक्य सध्या सगळ्यांच्या फोनमध्ये असते. ते पाठवणारा माणूस धावत असेलच असे नाही; बहुधा तो अजून घरीच असतो. गाडीच्या वेळेबद्दल बोलताना काळाचा फरक सांभाळावा. ‘द डेक्कन क्वीन रन्स बिटवीन मुंबई अँड पुणे’ यात १ जून १९३० पासूनचा नेम आहे, तर ‘द डेक्कन क्वीन इज रनिंग ट्वेन्टी मिनिट्स लेट’ यात आजची अवस्था.

निवडणुकीत उमेदवार काय करतो हे देशावर अवलंबून आहे. अमेरिकेत तो ‘रन’ करतो, म्हणूनच उपाध्यक्षपदाच्या उमेदवाराला तिथे ‘रनिंग मेट’ म्हणतात. ब्रिटनमध्ये तो मराठीतल्यासारखाच ‘स्टँड’ करतो, म्हणजे उभा राहतो. भारतीय वृत्तपत्रांनी ‘कॉन्टेस्ट’ पत्करले आहे आणि भारतातल्या निवडणुकीबद्दल लिहिताना तेच वापरणे बरे.

पाठीमागचे लहान शब्द

अव्यय जोडले की ‘रन’चा मूळ अर्थ बराच मागे पडतो. या जोड्या डझनावारी आहेत, पण रोजच्या व्यवहारात लागणाऱ्या थोड्याच आहेत, आणि त्यांत पहिला क्रमांक ‘रन आउट’चा. ‘गॅस संपला’ हे दोन तऱ्हांनी सांगता येते: ‘द गॅस हॅज रन आउट’ किंवा ‘वी हॅव रन आउट ऑफ गॅस’. कर्ता वस्तू असेल तर ‘ऑफ’ नको, कर्ता माणूस असेल तर ‘ऑफ’ हवाच. ‘वी हॅव रन आउट गॅस’ हे अर्धवट वाक्य फार ऐकू येते. काळाचा प्रश्न इथेही आहे. ‘वी आर रनिंग आउट ऑफ वॉटर’ म्हणजे पाणी संपलेले नाही, संपत आले आहे. मराठीतल्या ‘संपत येणे’ला इतका नेमका जोड क्वचितच सापडतो. ‘रनिंग लो ऑन’ म्हणजे साठा कमी झाला आहे, पण अजून थोडी सवड आहे. उन्हाळ्यात सोसायटीच्या सचिवाने टँकर मागवण्याचा संदेश इंग्रजीत लिहायचा ठरवला, तर ‘लो ऑन’, ‘रनिंग आउट’ आणि ‘हॅव रन आउट’ या तीन पायऱ्यांपैकी आपण कोणत्या पायरीवर आहोत हे पाहूनच शब्द निवडावा.

‘रन इन्टू’चे तीन उपयोग आहेत. अचानक भेट होणे: ‘आय रॅन इन्टू माय टीचर ॲट दादर’. आदळणे: ‘द रिक्षा रॅन इन्टू अ पोल’. आणि रक्कम एका मर्यादेपर्यंत जाणे: ‘द लॉस रन्स इन्टू क्रोर्स’. यातले अव्यय कर्मापासून वेगळे करता येत नाही, म्हणून ‘रॅन हिम इन्टू’ असे चालत नाही. ‘रन ओव्हर’चे मात्र तसे नाही. ‘द ट्रक रॅन ओव्हर द डॉग’ आणि ‘द ट्रक रॅन द डॉग ओव्हर’ ही दोन्ही वाक्ये शुद्ध आहेत. सभा ठरलेल्या वेळेपेक्षा लांबली तरी ‘द मीटिंग रॅन ओव्हर’ असेच म्हणतात. तिथे कोणी चिरडले जात नाही.

कार्यालयात ‘कॅन आय रन धिस बाय यू?’ हा प्रश्न वारंवार कानावर येतो. कागद पुढे पाठवण्याआधी तुमच्या नजरेखालून घालू का, असा त्याचा अर्थ. ‘रन थ्रू’ म्हणजे मुद्द्यांवरून झरझर नजर टाकणे किंवा नाटकाच्या तालमीसारखा एक सराव करणे. ‘रन अप’ हे क्रियापद बिल किंवा कर्ज वाढवण्यासाठी येते. त्याचेच नाम जोडरेघ देऊन लिहिले की तो गोलंदाजाचा ‘रन-अप’ होतो, किंवा निवडणुकीपूर्वीचा काळ होतो. ‘रन डाउन’ म्हणजे बॅटरी उतरणे, तसेच एखाद्याची निंदा करणे.

नाम आणि विशेषण

क्रिकेटमुळे नामाचा एक अर्थ आपल्याकडे इतका रुजला की मराठीने त्यावरून ‘धाव’, ‘धावबाद’, ‘धावसंख्या’ आणि ‘धावफलक’ असे सगळे कुटुंबच वसवले. चौकार गेला की फलंदाजांना पळावेच लागत नाही, तरी त्या धावाच. म्हणजे तिथेही पायांचा संबंध सुटलेलाच आहे. इतर उपयोगांपैकी ‘ऑन द रन’ म्हणजे फरार, ‘इन द लाँग रन’ म्हणजे दीर्घकाळाचा विचार करता, ‘ट्रायल रन’ म्हणजे चाचणी आणि ‘रन ऑन अ बँक’ म्हणजे ठेवी काढून घेण्यासाठी बँकेवर उडालेली झुंबड, एवढे ओळखता आले तरी वर्तमानपत्र वाचताना अडत नाही.

‘रनिंग’ विशेषण म्हणून आले तर त्याची जागा पाहावी. ‘रनिंग वॉटर’ म्हणजे नळाचे किंवा वाहते पाणी. पण ‘थ्री डेज रनिंग’ असे नामानंतर आले तर अर्थ ‘सलग तीन दिवस’. रेल्वेत काम करणाऱ्यांच्या घरी ‘रनिंग स्टाफ’ आणि ‘रनिंग रूम’ हे शब्द रोजचे असतात. पहिल्यात लोको पायलट आणि ट्रेन मॅनेजर (२०२२ पर्यंत त्यांना गार्ड म्हणत) येतात. दुसरी ही त्यांची विश्रांतीची जागा आहे, आणि तिथे कोणी धावत नाही, झोपतात.

रूपे आणि सराव

रूपे तीन: रन, रॅन, रन. भूतकाळात ‘रॅन’, पण ‘हॅव’, ‘हॅज’ किंवा ‘हॅड’ आले की पुन्हा ‘रन’. ‘ही हॅज रॅन’ ही चूक चांगले शिकलेल्या माणसांच्या ई-मेलमध्येही सापडते. ‘रनिंग’ लिहिताना ‘एन’ दोनदा येतो. उच्चारात ‘रन’ आणि ‘रॅन’ यांतला फरक स्पष्ट ठेवावा, कारण फोनवर तेवढ्यावरूनच काळ कळतो.

सरावासाठी इंग्रजी याद्या उतरवत बसण्यापेक्षा उलट दिशेने जावे. आपण दिवसभरात ‘चालणे’, ‘चालवणे’, ‘वाहणे’ आणि ‘संपणे’ ही क्रियापदे कुठे वापरतो ती वाक्ये वहीत टिपावीत आणि रात्री प्रत्येकापुढे इंग्रजी वाक्य लिहून पाहावे. उदाहरणादाखल ही चार घ्यावीत: ‘हा पंप सौरऊर्जेवर चालतो’, ‘माझा भाऊ रिक्षा चालवतो’, ‘चहाची पूड संपत आली’ आणि ‘मला कोणताही वार चालेल’. पहिल्याचे उत्तर ‘धिस पंप रन्स ऑन सोलर पॉवर’. दुसऱ्यात ‘ड्राइव्ह्ज’ हवे. पण त्याच्या चार रिक्षा असतील आणि तो त्या भाड्याने देत असेल, तर ‘रन्स’ बरोबर ठरेल. तिसरे ‘वी आर रनिंग आउट ऑफ टी’. चौथ्यात ‘रन’ला जागाच नाही, तिथे ‘एनी डे वर्क्स फॉर मी’.